धम्मपालभाऊ आणि रशियाचं आरमार

धम्मपाल तायडे आमच्या शेजारी राहायला आले ते २०१५ च्या जूनमध्ये. दीपनगरच्या वीजकेंद्रातून निवृत्त होऊन त्यांनी भुसावळात आमच्या कॉलनीत घर घेतलं. पहिल्याच आठवड्यात माझ्या लक्षात आलं की हा माणूस दिवसातून चारपाच वेळा फाटक उघडतो, लावतो, पण आवाज एकदाही होत नाही. आमच्या गल्लीतली सगळी फाटकं लोखंडी आणि सगळी करकरणारी. मी एकदा न राहवून विचारलं.

"सवय आहे, अक्का," ते म्हणाले. "वीजकेंद्राच्या आधी नौदलात होतो. अकरा वर्षं पाणबुडीत काढली. तिथं दार आपटलं तर सगळ्यांना कळतं. शत्रूलासुद्धा."

हेही ते इतक्या हळू म्हणाले की मला दोनदा विचारावं लागलं. त्यांचं बोलणं नेहमीच असं. बाजारात भाजीवाली त्यांना "काय म्हन्ले?" असं तीनदा विचारते आणि शेवटी स्वतःच्या मनानेच मेथी देते. त्यांच्या पत्नी रत्नाताई म्हणतात, "अक्का, लग्नात यांनी माझं नाव घेतलं ते फक्त यांनाच ऐकू आलं. मला वाटलं, मुलगा मुकाच आहे. आई म्हणाली, बरंच आहे की, भांडणार नाही."

नौदलात ते १९७६ साली, अठरा वर्षांचे असताना गेले. वीजतंत्री म्हणून. १९८५ च्या सुरुवातीला त्यांना आणखी काही जणांबरोबर रशियाला पाठवलं. आपण त्यांच्याकडून नव्या पाणबुड्या घेत होतो आणि त्या चालवायला शिकायचं होतं. बाल्टिक समुद्राच्या काठी रिगा नावाचं बंदर आहे. आज तो वेगळा देश आहे, तेव्हा सोव्हिएत संघात होता. तिथे धम्मपालभाऊ सव्वा वर्ष राहिले. आधी सहा महिने भाषा, मग यंत्रं, मग समुद्र.

पाणबुडी पाण्याखाली असते तेव्हा ती बॅटरीवर चालते. पाण्याखाली इंजिनाला हवा कुठून मिळणार? आपल्या घरातल्या इन्व्हर्टरला एक बॅटरी असते. तिथे दोनशेच्या वर, आणि एकेक काही शे किलोची. त्या सगळ्या एका बुटक्या तळघरात रांगेने उभ्या. त्यांच्यावरून पोटावर झोपून, सरकत्या फळीवरून जायचं आणि एकेकीचं पाणी, तापमान, आम्लाचा दाट-पातळपणा तपासून लिहून ठेवायचं. हे भाऊंचं काम. बॅटरीतून हायड्रोजन निघतो, तो साठला आणि ठिणगी पडली तर सगळंच संपलं. म्हणून खिशात नाणंसुद्धा ठेवायचं नाही.

"मग समुद्र कसा दिसतो खालून?" मी विचारलं होतं.

"कुणाला माहीत! अकरा वर्षांत दुर्बिणीला डोळा लावायला मिळाला दोनदा. एकदा धुकं होतं."

रिग्यातल्या शिकवणीच्या खोलीत भिंतीवर जुन्या जहाजांची चित्रं होती. शिकवणारा एक वयस्कर रशियन होता, त्याला आपली मुलं 'चाचा' म्हणत. चाचा बॅटरी शिकवता शिकवता कंटाळला की काठीने एखादं चित्र दाखवायचा आणि त्याची गोष्ट सांगायचा. भाऊंना तिथून नाद लागला तो कायमचा. निवृत्तीनंतर त्यांनी रशियन पुस्तकं मिळवली, इंटरनेटवरून वाचलं आणि मराठीत उतरवायला घेतलं. रोज सकाळी दहा ते बारा, व्हरांड्यात, लांब वह्यांमध्ये. गेल्या डिसेंबरपर्यंत अकरा वह्या भरल्या होत्या. मी त्यातल्या नऊ वाचल्या आहेत. व्याकरण माझ्याकडे तपासायला द्यायचे.

मी काही युद्धाच्या गोष्टी आवडीने वाचणारी नव्हे. पण त्या वह्यांतल्या सुरुवातीनेच मला धरून ठेवलं. रशियाचा पीटर राजा सोळा वर्षांचा असताना त्याला एका जुन्या कोठारात एक मोडकी इंग्रजी होडी सापडते. तो ती दुरुस्त करून घेतो, तळ्यात चालवतो, आणि ज्या देशाला धड समुद्रकिनारा नाही त्या देशाचं आरमार उभं करायचं मनात घेतो. पुढे त्या होडीला रशियन लोक आरमाराचा आजोबा म्हणू लागले. ती त्यांनी अजून जपून ठेवली आहे.

आणि मग निकोनोव्ह. हा भाऊंचा सर्वात लाडका. हा एक खेड्यातला सुतार. लिहिता वाचता येत नव्हतं, दुसऱ्याकडून लिहवून घेऊन त्याने राजाला अर्ज केला की मी पाण्याखालून जाणारी लाकडी नाव बनवीन. राजाने त्याला बोलावून घेतलं, लाकूड दिलं, माणसं दिली. नाव पाण्यात उतरवताना बूड फुटलं. राजा रागावला नाही, म्हणाला, पुन्हा कर. पण पुढे राजाच वारला. नव्या अधिकाऱ्यांनी सुताराला दूर कुठेतरी गोदीत साधा सुतार म्हणून धाडून दिलं.

"रशियातल्या पहिल्या पाणबुडीचा विचार सुताराला सुचला, अक्का. सरदाराला नाही," भाऊ म्हणाले. मग थोडं थांबून, "फळ्यांच्या फटीत काय भरलं असेल त्याने?" दोनशे नव्वद वर्षांपूर्वीच्या त्या फटींची त्यांना खरोखरच काळजी वाटत होती.

जानेवारीत आमच्या वाचनालयाची व्याख्यानमाला असते. पाच दिवस, पाच वक्ते. यंदा शनिवारचे वक्ते पुण्याहून 'ताणमुक्त जीवन' या विषयावर बोलायला येणार होते, पण त्यांचाच रक्तदाब वाढला. चिटणीस गिरधरनाना हवालदिल होऊन माझ्याकडे आले. मी भाऊंचं नाव सुचवलं. नाना लगेच शेजारी गेले आणि दहा मिनिटांत परत आले.

"अक्का, ते हो म्हणाले की नाही तेच मला ऐकू आलं नाही. मान हलवली. मी 'हो' धरलं."

दोन दिवसांनी संध्याकाळी भाऊ माझ्याकडे आले. चहा समोर ठेवला तर हात लावेनात.

"मी बोलू शकणार नाही, अक्का. माय येईल म्हणते."

माय म्हणजे द्रौपदाबाई. वय अठ्ठ्याऐंशी. एरंडोलजवळच्या खेड्यात जन्म गेला, मालक यादवराव गेल्यावरही बरीच वर्षं तिथेच एकट्या राहिल्या, आणि आता भाऊंकडे असतात. कानाने कमी, बाकी ठणठणीत. त्यांची भाषा खानदेशी. मुलाला व्याख्यानाला बोलावलंय, शाल-श्रीफळ देणार आहेत, हे कळल्यावर त्यांनी कपाटातून ठेवणीतलं पातळ काढून खुर्चीवर टाकलं होतं.

"येऊ द्या की," मी म्हटलं. "आईला आनंदच होईल."

"मायला माहीत नाही."

"काय माहीत नाही?"

"मी पाणबुडीत होतो ते."

मी चहाची कपबशी खाली ठेवली.

हकीकत अशी. द्रौपदाबाईंचा धाकटा भाऊ गिरणा नदीत म्हशी धुताना वाहून गेला. धम्मपालभाऊ तेव्हा अकरा वर्षांचे. बाईंनी काठावरून पाहिलं. त्या रात्री त्यांनी मुलाचा हात आपल्या डोक्यावर ठेवून त्याला शपथ घातली की तू कधी पाण्याच्या वाटेला जाणार नाहीस. आणि सात वर्षांनी हा मुलगा जळगावच्या भरतीत उभा राहिला आणि निवडला गेला तो नौदलात. बाप-लेकांनी मिळून घरी सांगितलं, सरकारी वीज खात्यात नोकरी लागली, मुंबईला. सुट्टीवर येताना भाऊ जळगाव स्टेशनवर गणवेश बदलत. रशिया म्हणजे वीज शिकायला. पुढे ते खरोखरच दीपनगरला लागले, मायने डोळ्यांनी वीजकेंद्राच्या उंच चिमण्या पाहिल्या, आणि मग सांगायचं कारणच उरलं नाही.

"अठ्ठेचाळीस वर्षं?" मी विचारलं.

"पहिली दहा वर्षं भीतीने नाही सांगितलं. पुढची लाजेने. तिच्या डोक्यावर हात ठेवला होता, अक्का. आता या वयात तिला कळलं तर ती मला माणसांतून उठवेल. आणि तिला काही झालं तर?"

व्याख्यान रद्द करता येईना, कारण पत्रकं वाटून झाली होती. आईला घरी ठेवता येईना, कारण पातळ इस्त्री करून झालं होतं. आम्ही दोघांनी बसून तोडगा काढला. भाऊंनी रशियन आरमाराच्या इतिहासावर बोलायचं, पुस्तकं वाचून अभ्यास केलेला माणूस म्हणून. स्वतःबद्दल अक्षर नाही. वक्त्याचा परिचय मीच लिहून नानांना दिला होता, तो परत मागून घेऊन बदलून दिला. 'वीजकेंद्रातील निवृत्त तंत्रज्ञ आणि इतिहासाचे अभ्यासक', एवढंच.

नवा परिचय मी जुन्याच कागदाच्या पाठीवर लिहिला. एक बाजू कोरी असलेला कागद मला टाकवत नाही. आमच्या कॉन्व्हेंटात सिस्टर पाठकोरे कागद गोळा करून त्यांची वही शिवायला लावायच्या, ते हाडात बसलं आहे. जुन्या बाजूवर मी पेन्सिलीने एक तिरकी रेघ मारली आणि कागद नानांना दिला.

१८ जानेवारी, शनिवार. सभागृहात सत्तरेक माणसं. पहिल्या रांगेत द्रौपदाबाई, अगदी ध्वनिक्षेपकाच्या खोक्याशेजारी, एका बाजूला रत्नाताई, दुसऱ्या बाजूला मी. मागच्या रांगेत अय्युबभाई दिसले. जामनेर रोडला त्यांचं बॅटरीचं दुकान आहे आणि भाऊंची त्यांच्याशी जुनी दोस्ती.

गिरधरनाना उठले, चष्मा लावला, कागद उघडला. त्यांना पेन्सिलीची रेघ दिसली नाही.

"आजचे आपले वक्ते," नाना माइकला जवळजवळ ओठ लावून गरजले, "भारतीय नौदलाचे निवृत्त वीजतंत्री, ज्यांनी अकरा वर्षं समुद्राच्या पोटात, दोनशे मीटर खोल, पाणबुडीत राहून देशसेवा केली, असे आपल्या खानदेशच्या मातीचे सुपुत्र..."

मी अर्धी उठले. रत्नाताईंनी कपाळावर हात मारला. मंचावर भाऊ पांढरेफटक. नानांचं वाचन चालूच. एकेक शब्द त्या खोक्यातून द्रौपदाबाईंच्या कानाशी येऊन पडत होता. इतकं स्पष्ट त्यांना कित्येक वर्षांत ऐकू आलं नसेल.

बाई उभ्या राहिल्या.

"कोनं सांगी राहिना हाऊ? कोना पोऱ्या पानीमा व्हता?"

नाना थांबले. "आजी, तुमचेच चिरंजीव की! धम्मपालभाऊ!"

बाईंनी मंचाकडे पाहिलं. "धम्मा. खरं शे का?"

भाऊंचे ओठ हलले.

"माले ऐकू नही उनं."

"खरं शे, माय!" भाऊ म्हणाले. मी त्यांचा तो आवाज प्रथमच ऐकला. मागच्या भिंतीपर्यंत गेला.

बाई खाली बसल्या आणि पदर सारखा केला.

"सांग मंग. बठ्ठं सांग. इतली मानसं ऐकाले येल शेतस."

आणि भाऊंनी बठ्ठं, म्हणजे सगळं, सांगितलं. टिपणं हातात तशीच होती, क्रमही आम्ही ठरवलेलाच होता, पण ते सबंध वेळ आईकडे पाहून बोलत होते आणि आईला ऐकू जावं म्हणून ओरडत होते. मोडकी होडी आली. सुतार आला, तेव्हा लोक पुढे सरकून बसले. काळ्या समुद्राचं आरमार आलं, बाल्टिकचं आलं. मग १९०४ साल. जपानशी युद्ध पेटलेलं, आणि रशियाच्या राजाने बाल्टिकमधलं आरमार अर्ध्या जगाला वळसा घालून तिकडे धाडलं. निघाल्यावर थोड्याच दिवसांत एका रात्री त्यांना होड्या दिसल्या. इतक्या लांब जपानी कुठून येणार? पण भीतीला अंतर कळत नाही. त्यांनी तोफा डागल्या. त्या बिचाऱ्या इंग्रज कोळ्यांच्या मासेमारीच्या होड्या होत्या. पुढे सात महिने प्रवास, आफ्रिकेच्या खालून, उन्हात, कोळशाच्या धुळीत. आणि शेवटी जपानजवळच्या त्सुशिमा बेटापाशी गाठ पडली तेव्हा दोन दिवसांत जवळजवळ सगळं आरमार बुडालं. पाच हजार माणसं.

"त्यासनी मायसले कोनी सांगं?" द्रौपदाबाईंनी विचारलं.

भाऊ थांबले. "माहीत नाही, माय. पुस्तकात नाही."

"मंग काय इतिहास लिखं त्यासनी?"

कुणी हसलं नाही. भाऊंनी रुमालाने तोंड पुसलं आणि पुढे सुरू केलं. पाणबुड्यांचं पहिलं पथक, दुसऱ्या महायुद्धातल्या पाणबुड्या. जहाज बुडवून परत येणाऱ्या पाणबुडीला बंदरात भाजलेलं डुकराचं पिल्लू मिळायचं, जितकी जहाजं तितकी पिल्लं, हे ऐकून मात्र लोक मोकळे झाले. मग कुर्स्क ही पाणबुडी, सन दोन हजारमध्ये बुडाली, एकशे अठरा जण गेले. ते त्यांनी दोन वाक्यांत आटोपलं. शेवटी रिगा. नवा माणूस पहिल्यांदा खोल जातो तेव्हा रशियन लोक काय करतात, तर दिव्याची काचेची टोपी काढून तिच्यात समुद्राचं पाणी भरतात आणि ते एका दमात प्यायला लावतात. मग दोरीला टांगलेला, वंगण फासलेला मोठा हातोडा झुलवतात. झुलत्या हातोड्याचा मुका घ्यायचा, दात सांभाळून. मग तो पाणबुडीचा माणूस झाला.

"तू पेना?" बाई म्हणाल्या.

"पेनू, माय."

"खारं?"

"फार खारं नव्हतं. तिकडचा समुद्र जरा गोडा शे."

आता लोक हसले. प्रश्नोत्तरांत अय्युबभाईंनी हात वर केला. "धम्मपालभाऊ, बाकी सब छोडो. दोनशे बॅटरी, और डिस्टिल वॉटर कहाँ से लाते थे समुंदर में?"

"जहाजावरच बनवत होतो, अय्युबभाई. समुद्राच्या पाण्यापासून."

"देखो!" अय्युबभाई आजूबाजूच्यांना म्हणाले. "और मेरे गिऱ्हाईक नळाचं पाणी टाकतात, बॅटरी जळाली की मला शिव्या देतात!"

शाल घालताना मोठ्या टाळ्या पडल्या. पण भाऊ आईकडेच पाहत होते, आणि ती खुर्ची तोपर्यंत रिकामी झाली होती. बाई रत्नाताईंना घेऊन बाहेर रिक्षात जाऊन बसल्या होत्या.

दुसऱ्या दिवशी सकाळी सातला त्या धुळ्याला निघून गेल्या, लेकीकडे. पंचाहत्तरीपुढच्यांना एसटी फुकट झाल्यापासून रुसणं फार सोपं झालं आहे, असं रत्नाताई म्हणतात. भाऊंनी स्टँडवर पिशवी उचलू का म्हणून विचारलं तर त्यांनी ती दुसऱ्या हातात घेतली. एक शब्द नाही.

चार दिवस फोनवरही नाही. भाऊ व्हरांड्यात बसत, पण वही उघडत नव्हते. गल्लीतली माणसं येऊन व्याख्यानाचं कौतुक करून जात आणि ते मान खाली घालून ऐकत. एकदा त्यांच्या हातून फाटक आपटलं. तो आवाज ऐकून मी बाहेर आले. मी म्हटलं, "चला, धुळ्याला जाऊ. चूक माझ्या कागदाची आहे, मी सांगते त्यांना."

गुरुवारी आम्ही निघालो. रत्नाताईंनी मेथीची पुरी बांधून दिली आणि बजावलं, "तिथं जाऊन कुजबुजू नका. जसं त्या दिवशी बोलला तसं बोला."

धुळ्यात देवपूर भागात ताईबाईंचं घर आहे. भाऊंची ही धाकटी बहीण, मोठ्याने हसणारी. दारातच म्हणाली, "या, पाणबुडे! माय आत शे. चार दिवस माले तुनाच गुन्हा ऐकाडी राहिनी. मना काय दोष? माले तरी कोठे सांगं तू?"

बाई पलंगावर बसल्या होत्या. मी आधी मोठ्याने माझं सांगितलं. कागद, पाठीवरचा परिचय, पेन्सिलीची रेघ. त्यांनी नीट ऐकून घेतलं.

"बाई, तुमनी काय चुकी? तुम्ही तं खरं लिखं व्हतं. खोटं नंतर लिखं."



मग त्या भाऊंकडे वळल्या. "मना डोकावर हात ठेवा व्हता तू."

"हो, माय."

"मी दरसाल पौर्णिमाले तुनासाठे मेणबत्ती लावू. विजेना धक्का नको लागो म्हनीसन. इतल्या साल मी विजेले घाबरनू. पानीले घाबरनं व्हतं माले, ते तू घाबरू दिधं नही."

भाऊ खाली फरशीवर बसले. "तू घाबरली असतीस तर मी जाऊ शकलो नसतो. आणि मला जायचं होतं, माय. खोटं नाही बोलत. मला जायचंच होतं." हे ते मोठ्याने म्हणाले. आत ताईबाईंची भांडी थांबली.

बाईंनी उशीखालून फडक्यात बांधलेला गठ्ठा काढला. निळी आंतर्देशीय पत्रं, काही रशियन तिकिटांची पाकिटं. रुसून निघताना त्यांनी पातळांऐवजी हा गठ्ठा पिशवीत भरला होता. भाऊ घरी पत्रं लिहीत, ती बाईंना वाचता येत नसत, यादवराव वाचून दाखवत.

"यामा तं बठ्ठी वीजच व्हती. पॉवरहाऊस, पॉवरहाऊस."

"मी सगळं खरं लिहायचो. आबा वाचताना बदलायचे. तसं आमचं ठरलं होतं."

"आते वाच. जसं लिखेल शे तसं."

भाऊंनी वरचं पाकीट उघडलं. बाई म्हणाल्या, "थांब. तिकिटावर लाल जहाज शे, म्हंजे थंडीनं पत्र. यामा काय व्हतं ते मी सांगस." आणि डोळे मिटून त्यांनी यादवरावांनी वाचलेलं पत्र म्हणून दाखवलं, शब्द न शब्द. इथे फार थंडी आहे. पॉवरहाऊसच्या भिंतींवर बर्फ असतो. जेवण चांगलं आहे, लोणी रोज मिळतं. काळजी करू नये. माय, तुझ्या हातच्या कळण्याच्या भाकरीची फार आठवण येते, आणि डोळे मिटले की तूच दिसतेस.

भाऊ कागदाकडे पाहत राहिले.

"वाच ना."

"ती. आबांस नमस्कार," त्यांनी वाचलं. "बंदर गोठले आहे. बर्फ फोडणारे जहाज पुढे जाते व त्यामागून आमची पाणबुडी. काल प्रथमच खोल गेलो. भीती वाटली नाही. जेवण चांगले आहे, लोणी रोज मिळते. काळजी करू नये. धम्मपाल."

"आखो?"

"एवढंच आहे, माय."

"भाकरी?"

भाऊंनी कागद उलटा करून पाहिला. कान लाल झाले होते. "भाकरी नाही. मी तसं... मला तसं लिहायला सुचायचं नाही."

"डोळा मिटनात की तूच दिसस, ते?"

"तेही नाही."

मला वाटलं, आता हे नवं दुःख. पण बाईंचा चेहरा काही वेगळाच होत गेला. त्यांनी ते पत्र हातात घेतलं, वाचता येत नसताना वरपासून खालपर्यंत पाहिलं.

"म्हंजे ते तुना बापनं व्हतं," त्या म्हणाल्या. "मना समोर बठीसन, मनाकडे न देखता, कागदमा देखीसन सांगे तो."

यादवराव हे रेल्वेच्या गँगमध्ये काम केलेले, फार कमी बोलणारे गृहस्थ होते, असं मी ऐकलं आहे. उभ्या जन्मात त्यांनी बायकोला नावाने हाक मारली नव्हती म्हणे.

ताईबाई दारात येऊन उभ्या होत्या. "आबा? आपला आबा असं बोले?"

"चूप बठ," बाई म्हणाल्या. "दुसरं वाच, धम्मा. आधी मी सांगस, मंग तू वाच. जे तुनामा नही निंघनं, ते माले बाजूले काढी दे."

दुपारभर ते चाललं. मी मोजली, सत्तावीस पत्रं झाली. भाऊ खणखणीत वाचत होते, पाणबुडीचं, बॅटरीचं, चाचाचं, हातोड्याचं. शेजारच्या दोन बायका भिंतीपलीकडून ऐकत होत्या आणि तिसरी सरळ आत येऊन बसली. बाई रशियन आरमाराकडे फारसं लक्ष देत नव्हत्या. दर पत्राच्या शेवटी त्या पुढे वाकायच्या आणि त्यांच्या आठवणीतल्या कुठल्या ओळी कागदावर नाहीत ते पाहायच्या. बावीस पत्रांत काही ना काही निघालं. एकात 'माय, तू नवं लुगडं घे, निळं घे' असं होतं, आणि ते निळं लुगडं त्यांनी तेव्हा खरंच घेतलं होतं.

चहा झाल्यावर भाऊंनी विचारलं, "माय, घरी येशील ना?"

"तू खोटं बोलना, तुना बापबी खोटं बोलना," त्या म्हणाल्या. "पन त्यानं खोटं चांगलं व्हतं. तुले तितलंबी जमनं नही."

"नाही जमलं."

"उद्या सकायनी गाडीवर निंघू. आज आखो नऊ पत्र बाकी शेतस."

त्या रात्री आम्ही ताईबाईंकडेच राहिलो. रत्नाताईंना फोन केला तर त्या म्हणाल्या, "काय झालं ते एका शब्दात सांगा," आणि भाऊंनी, आई शेजारीच बसलेली असल्यामुळे, इतक्या मोठ्याने "येते!" म्हणून सांगितलं की रत्नाताईंनी फोन कानापासून दूर धरला असणार.